चार मतं देऊनही प्रमाण का साधत नाही? प्रमाणशीर प्रतिनिधित्व समजून घेण्याची आणि करून पाहण्याची वाट

जानेवारी 2026 मध्ये पुणे महापालिकेची निवडणूक झाली तेव्हा बहुतेक पुणेकरांनी एका खेपेत चार बटणं दाबली. अ, ब, क आणि ड. केंद्राबाहेर आमच्या शेजारच्या काकू भेटल्या. बोटावरची शाई दाखवत म्हणाल्या, "चार-चार जण निवडायचे म्हणजे ज्या पक्षाला जेवढी मतं तेवढ्या जागा, असंच ना रे?"

तसं नाही, आणि हा गैरसमज फार पसरलेला आहे. प्रभागातल्या चार जागा म्हणजे एकाच मांडवात लागलेल्या चार वेगळ्या निवडणुका. अ जागेवर ज्याला सर्वांत जास्त मतं तो निवडून आला, ब जागेवर पुन्हा तेच. चारही जागांवर 40 टक्के मतं घेणारं पॅनेल, समोरची 60 टक्के मतं दोन-तीन ठिकाणी फुटली की चारही जागा घेऊन जातं. पुण्यात 2002 मध्ये तीन सदस्यांचा प्रभाग होता, 2007 मध्ये एकाचा, 2012 मध्ये दोनाचा आणि 2017 पासून चारचा. प्रभागाचा आकार एवढ्या वेळा बदलला, पण मोजणीची रीत कोणी बदलली नाही. प्रमाण साधतं की नाही, म्हणजे मतांच्या हिश्शाएवढ्या जागा मिळतात की नाही, हे त्या मोजणीवर ठरतं.

सुरुवातीला दोन प्रश्न

कुठलीही निवडणूक पद्धत समोर आली की दोन गोष्टी विचाराव्यात. एका मतदारसंघातून किती जण निवडायचे? आणि त्या सगळ्या जागांची मतं एकत्र मोजून वाटली जातात की प्रत्येक जागेचा हिशेब वेगळा होतो? एकच जागा असेल तर प्रमाण साधणं शक्यच नाही, कारण एका माणसाचे 40 आणि 60 टक्के असे तुकडे होत नाहीत. जागा अनेक असल्या आणि हिशेब वेगवेगळा असला तरीही प्रमाण साधत नाही. दोन्ही अटी जुळल्या तरच पुढे वाचण्यात अर्थ आहे.

आपल्या लोकसभेत पहिलीच अट जुळत नाही. 2014 मध्ये भाजपला सुमारे 31 टक्के मतं आणि 543 पैकी 282 जागा मिळाल्या. त्याच निवडणुकीत बहुजन समाज पक्षाला देशभरात 4 टक्क्यांहून थोडी जास्त मतं मिळाली, पण खासदार एकही नाही. ही रीत आपण ज्यांच्याकडून घेतली त्या ब्रिटनमध्येही वेगळं घडत नाही. 2024 मध्ये तिथे मजूर पक्षाने 33.7 टक्के मतांवर 650 पैकी 411 जागा घेतल्या, तर रिफॉर्म पक्षाला 14.3 टक्के मतांवर 5 जागा मिळाल्या. यात कोणी लबाडी केलेली नाही, ही मोजणीची तऱ्हाच तशी आहे. तिथले मतदार कोणत्या पक्षाचे होते हे क्षणभर विसरून आकडे पाहा, म्हणजे मूळ प्रश्न दिसेल.

यादी पद्धत: कागद घ्या आणि भागाकार करा

पहिली रीत पक्षांच्या यादीची. मतदार पक्षाला मत देतो आणि पक्षाच्या यादीतले वरचे लोक निवडून येतात. काही देशांत मतदाराला यादीतल्या एखाद्या नावावर खूण करून त्याला वर आणता येतं. जिथे तसं येत नाही तिथे यादी पक्षाने बंद केलेली असते.

जागा वाटायच्या कशा, हे उदाहरणानेच कळतं. समजा 5 जागा आहेत आणि 1,00,000 मतं पडली. आंबा पॅनेलला 46,000, फणसला 28,000, जांभूळला 16,000 आणि करवंदला 10,000.

बेल्जियमच्या व्हिक्टर द'ओंत यांची रीत अशी: प्रत्येकाच्या मतांना 1, 2, 3 असं भागत जायचं आणि सगळ्या उत्तरांतली सर्वांत मोठी पाच निवडायची. आंब्याची उत्तरं 46,000, 23,000 आणि 15,333. फणसाची 28,000 आणि 14,000. जांभळाचं 16,000, करवंदाचं 10,000. पहिली पाच उत्तरं उतरत्या क्रमाने 46,000, 28,000, 23,000, 16,000 आणि 15,333. म्हणजे आंब्याला 3, फणसाला 1, जांभळाला 1 आणि करवंदाला काही नाही.

आता फ्रेंच गणिती सेंत-लाग्यू यांच्या रीतीने 1, 3, 5 असं विषम संख्यांनी भागा. आंबा 46,000 आणि 15,333, पुढचं 9,200. फणस 28,000 आणि 9,333. जांभूळ 16,000, करवंद 10,000. पहिली पाच: 46,000, 28,000, 16,000, 15,333 आणि 10,000. आंब्याची एक जागा गेली आणि करवंदाला एक मिळाली. मतं तीच, मतदार तेच, फक्त भाजक बदलले. पहिली रीत मोठ्यांना थोडा हात देते, दुसरी लहानांना. म्हणून कोणी नुसतं "प्रमाणशीर पद्धत आणा" म्हणालं तर त्याला विचारा, भागायचं कशाने?

दुसरी मेख म्हणजे किमान टक्केवारीची अट. जर्मनीत देशभर 5 टक्के मतं किंवा तीन मतदारसंघांत विजय, याशिवाय यादीतून जागा मिळत नाहीत. 2025 मध्ये एक नवा पक्ष तिथे 4.98 टक्क्यांवर अडकला आणि बाहेर राहिला. इस्रायलमध्ये ही रेषा 3.25 टक्के आहे. नेदरलँड्समध्ये अशी वेगळी अटच नाही. तिथे 150 जागा आहेत, म्हणून एका जागेपुरती, साधारण पाऊण टक्क्याच्या आत मतं मिळाली तरी आत जाता येतं. रेषा फार वर नेली की प्रमाणशीर पद्धतीचा जीवच जातो. तुर्कस्तानात ही अट 10 टक्के होती तेव्हा, 2002 मध्ये, एका पक्षाने सुमारे 34 टक्के मतांवर 550 पैकी 363 जागा मिळवल्या, कारण बाकीच्यांपैकी बहुतेक पक्ष रेषेखाली बुडाले.

मिश्र पद्धत थोडक्यात

काही देशांनी दोन्ही मिसळलं. न्यूझीलंडमध्ये 1978 आणि 1981 मध्ये मजूर पक्षाला जास्त मतं मिळूनही सरकार नॅशनल पक्षाचं आलं. लोक वैतागले. 1993 च्या सार्वमतात त्यांनी पद्धत बदलली आणि 1996 पासून मतदार दोन मतं देतो, एक आपल्या भागातल्या उमेदवाराला आणि एक पक्षाला. पक्षाच्या मतांवर एकूण जागा ठरतात आणि मतदारसंघांत जिंकलेल्या जागा त्यातून वजा होतात. नेपाळमध्येही दोन मतं आहेत, पण तिथे 275 पैकी 165 जागा साध्या पद्धतीने आणि 110 यादीने भरतात आणि दोन्ही हिशेब वेगळे राहतात. "मिश्र" हा एकच शब्द दोन वेगळ्या गोष्टींना लागतो, हे लक्षात ठेवा. आपल्याकडे विधी आयोगाने 1999 च्या 170 व्या अहवालात लोकसभेच्या जागा 25 टक्क्यांनी वाढवून त्या यादी पद्धतीने भराव्यात असं सुचवलं होतं. ते कागदावरच राहिलं.

एकल संक्रमणीय मत: सोसायटीत करून पाहिलेली मोजणी

हे नाव जड आहे, म्हणून लोक बिचकतात. मतदार पक्षाऐवजी माणसांना पसंतीचे क्रम देतो, 1, 2, 3. एक मत एकाच माणसाच्या कामी येतं. पण त्याला गरज नसली किंवा तो बाद झाला, तर ते दुसऱ्या पसंतीकडे सरकतं. मला ही पद्धत सगळ्यांत जवळची वाटते, कारण उमेदवार पक्षाच्या यादीतून ठरत नाही, मतदाराच्या क्रमाने ठरतो.

आमच्या कोथरूडच्या सोसायटीत गणेशोत्सव समितीच्या तीन जागांसाठी आम्ही ती वापरली. तोवर प्रत्येकाला तीन मतं असायची आणि सगळ्यांत मोठी ए विंग तिन्ही मतं आपल्याच तिघांना द्यायची. बाकीच्या विंगा वर्गणी देत होत्या, पण आरतीच्या वेळा ठरवायला त्यांचं कोणी नव्हतं. डी विंगमधल्या रात्रपाळीवाल्यांनी दोन वर्षं ध्वनिवर्धकाची तक्रार केली आणि ती बैठकीत कोणी मांडलीच नाही. एक इशारा आधीच देतो: सोसायटीच्या व्यवस्थापक समितीची निवडणूक सहकार कायद्यातल्या नियमांप्रमाणेच घ्यावी लागते, तिथे हा प्रयोग करू नका. उत्सव समिती, वाचनकट्टा, सहलीचा गट, अशा ठिकाणी करा. कंपन्यांना मात्र 2013 च्या कंपनी कायद्याच्या कलम 163 ने संचालक निवडताना प्रमाणशीर पद्धत घेण्याची मुभा दिली आहे.

साहित्य फार लागत नाही. चपलांची रिकामी खोकी, रबर, एक मोठा तक्ता, मतपत्रिका मोठ्याने वाचणारा एक आणि लिहिणारे दोन. दोघांचे आकडे प्रत्येक फेरीनंतर जुळवायचे.

आधी बाद मतपत्रिका वेगळ्या काढा. "1" नसेल, "1" दोघांपुढे असेल किंवा कुठेच कळत नसेल तर ती बाद. "1" आणि "2" नीट असून "3" दोनदा असेल तर पहिल्या दोन पसंती धरायच्या आणि पुढचं सोडायचं. हे नियम मोजणीआधी लिहून भिंतीवर लावा. समसमान झालं तर काय, तेही आधीच ठरवा. आम्ही मूळ पहिल्या पसंतीची मतं बघायची आणि तीही सारखी असतील तर चिठ्ठी, असं ठरवलं होतं.

आमच्याकडे 100 वैध मतपत्रिका निघाल्या. मग कोटा काढायचा: वैध मतांना जागा अधिक एकने भागा आणि उत्तरात 1 मिळवा. 100 भागिले 4 म्हणजे 25, अधिक 1 म्हणजे 26. लोक नेहमी विचारतात की 100 ला 3 ने का भागत नाही? कारण 26 मतं तिघांनाच मिळू शकतात. चौघांना मिळायला 104 मतं लागतील. निवडून येण्याची खात्री देणारा हा सर्वांत लहान आकडा आहे.

पहिल्या पसंतीने खोकी भरली ती अशी: मंदार 39, वैशाली 20, अनघा 18, सलीम 14, प्रकाश 9. मंदार आणि प्रकाश ए विंगचे, वैशाली बी विंगची, अनघा सी विंगची, सलीम डी विंगचा. मंदार कोटा ओलांडून निवडून आला आणि त्याची 13 मतं जास्तीची ठरली.

आता सगळ्यांत नाजूक पायरी. ती 13 मतं कोणाची? वरच्या 13 मतपत्रिका उचलल्या तर अन्याय होईल. म्हणून मंदारच्या सगळ्या 39 मतपत्रिका पाहायच्या आणि प्रत्येकीची किंमत 39 पैकी 13 म्हणजे एक तृतीयांश धरायची. त्यांवरची दुसरी पसंती प्रकाशला 18, वैशालीला 12 आणि अनघाला 9 होती. तिसऱ्या हिश्शाने ती झाली 6, 4 आणि 3. खुद्द मंदारच्या 39 मतदारांपैकी 21 जणांनी दुसरी पसंती आपली विंग सोडून दिली होती. जुन्या पद्धतीत हे कधी दिसलंच नव्हतं. वैशाली 24, अनघा 21, प्रकाश 15, सलीम 14. कोणीच 26 ला पोचलं नाही.

मग शेवटच्याला बाद करायचं. सलीम बाद झाला, पण त्याच्या 14 मतपत्रिका पूर्ण किमतीने पुढे गेल्या: 8 अनघाला, 2 वैशालीला, 1 प्रकाशला, आणि 3 वर पुढची पसंतीच नव्हती म्हणून त्या संपल्या. अनघा 29, वैशाली बरोबर 26, प्रकाश 16. मंदार, अनघा आणि वैशाली निवडून आले. सलीम आला नाही, तरी अनघा समितीत गेली ती डी विंगच्या मतांवर, आणि आरतीची वेळ रात्री दहाच्या आत आणताना तिला ते पक्कं आठवत होतं.

तुमच्याकडे अपूर्णांक गुंतागुंतीचे आले तर प्रत्येक मतपत्रिकेची किंमत 100 धरा. आपल्या राज्यसभा निवडणुकीत हेच करतात.

राज्यसभेत हेच, मोठ्या आकड्यांनी

10 जून 2022 ची महाराष्ट्रातली राज्यसभा निवडणूक अनेकांना आठवत असेल. जागा सहा, उमेदवार सात, आमदारांची वैध मतं 284. 28,400 ला 7 ने भागून 4,057, अधिक 1 म्हणजे 4,058 हा कोटा. आमदारांच्या भाषेत 41 मतं. पीयूष गोयल आणि अनिल बोंडे यांना पहिल्या पसंतीची 48-48 मतं होती. धनंजय महाडिक यांना 27 आणि संजय पवार यांना 33. पहिल्या आकड्यांवर पवार पुढे होते. पण गोयल आणि बोंडे यांच्याकडची प्रत्येकी 742 किंमतीची जास्तीची मतं महाडिकांकडे वळली आणि ते कोटा पार करून गेले. कोल्हापूरच्या दोघांतली ही लढत दुसऱ्या पसंतीवर ठरली. कोणाची बाजू घेऊन वाचू नका. तक्ता समोर ठेवून स्वतः बेरीज करा, म्हणजे पद्धत कायमची डोक्यात बसते.

पदवीधरची मतपत्रिका हातात आली तर

विधान परिषदेच्या पुणे पदवीधर मतदारसंघात पुणे, सातारा, सांगली, सोलापूर आणि कोल्हापूर हे पाच जिल्हे येतात. दर निवडणुकीला यादी नव्याने होते, म्हणून मागच्या वेळी नाव होतं एवढ्यावर थांबू नका, फॉर्म 18 पुन्हा भरा. पदवी मिळून किमान तीन वर्षं झालेली असावी लागतात. केंद्रावर दिलेल्या जांभळ्या स्केच पेननेच आकडा लिहायचा, स्वतःचं पेन वापरायचं नाही. "1" लिहिणं अनिवार्य, पुढचे आकडे ऐच्छिक. "एक" असं अक्षरात लिहू नका, बरोबरची खूण करू नका, सही करू नका. शिकलेल्या लोकांची मतं याच चुकांनी बाद होतात.

एक मात्र मनात स्पष्ट ठेवा. इथे पसंतीक्रम आहे, पण जागा एकच आहे, म्हणून हे प्रमाणशीर प्रतिनिधित्व होत नाही. राष्ट्रपतींच्या निवडणुकीचंही तसंच. घटनेत तिथे प्रमाणशीर प्रतिनिधित्वाचे शब्द आहेत, पण एका पदाची वाटणी होत नाही. त्या पद्धतीचा फायदा वेगळा आहे: निवडून येणाऱ्याला निम्म्याहून जास्तांचा आधार मिळतो. 1969 मध्ये व्ही. व्ही. गिरी पहिल्या पसंतीत कोट्याखाली राहिले आणि पुढच्या पसंती धरून 4,20,077 मतं घेऊन जिंकले.

तोट्यांकडे नीट पाहू

मी या पद्धतीच्या बाजूचा आहे, म्हणून तोटे जास्त काळजीने सांगायला हवेत. घटना समितीत जानेवारी 1949 मध्ये काझी सय्यद करीमुद्दीन यांनी लोकसभेसाठी प्रमाणशीर निवडणुकीची दुरुस्ती मांडली. डॉ. आंबेडकरांनी विरोध केला. मतदाराला निदान आकडे लिहिता यावेत एवढी साक्षरता देशात नाही, हे त्यांचं एक कारण. संसद लहान गटांत विभागली जाऊन कुठल्याही नाराजीवर सरकार पडेल, हे दुसरं. पहिलं कारण आज बरंच मागे पडलंय. दुसरं अजून उभं आहे. इस्रायलमध्ये एप्रिल 2019 ते नोव्हेंबर 2022 एवढ्या काळात पाच निवडणुका झाल्या. नेदरलँड्समध्ये 2021 च्या निवडणुकीनंतर सरकार बनायला 299 दिवस लागले. दुसरीकडे आयर्लंड 1922 पासून संक्रमणीय मतावर चालतो. तिथल्या सरकारांनी 1959 आणि 1968 मध्ये ती बदलायला सार्वमत घेतलं आणि लोकांनी दोन्ही वेळा नकार दिला. फरक बराचसा मतदारसंघाच्या आकारात आहे. आयर्लंडमध्ये एका मतदारसंघात मोजक्या जागा असतात, तर इस्रायलमध्ये सगळा देश 120 जागांचा एकच मतदारसंघ आहे. जागा चार असल्या की 20 टक्क्यांच्या वर मतं मिळाली की जागा नक्की, आणि दोन-तीन टक्क्यांचे गट बाहेर राहतात.

येरवड्याच्या तुरुंगात 24 सप्टेंबर 1932 रोजी झालेल्या पुणे करारात हाच प्रश्न वेगळ्या रूपात होता: संख्येने कमी असलेल्यांना आपला खरा प्रतिनिधी कसा मिळेल? करारात राखीव जागा आणि संयुक्त मतदारसंघ ठरले. 1955 मध्ये भाषावार राज्यांवर लिहिताना डॉ. आंबेडकरांनी दोन-तीन सदस्यांचे मतदारसंघ आणि सगळी मतं एकालाही देता येतील अशी एकत्रित मतदानाची रीत सुचवली. म्हणजे अल्पसंख्याकांचा प्रश्न मोजणीच्या रीतीने सोडवावा, हा विचार त्यांनी टाकून दिला नव्हता.

दुसरा तोटा जबाबदारीचा. ड्रेनेज तुंबलं तर फोन कोणाला? चार नगरसेवक एकमेकांकडे बोट दाखवतात, हा अनुभव पुण्यात आजही आहे. म्हणजे अनेक सदस्यांच्या प्रभागाचा हा तोटा आपण सोसतोच आहोत, पण त्याच्या बदल्यात मिळणारं प्रमाण घेत नाही. हेच मला सर्वांत जास्त बोचतं. बंद यादीचा तोटा तर मला सहनच होत नाही: यादीत वरचा क्रमांक पक्षश्रेष्ठी देतात, मग निवडून आलेला माणूस मतदाराकडे का पाहील? त्यामानाने मोजणीला लागणारा वेळ आणि मतदान यंत्राऐवजी कागद, या अडचणी मला लहान वाटतात.

पुण्याच्या प्रभागात आणायचं तर

चार सदस्यांचे प्रभाग आहेतच. अ, ब, क, ड हे वेगळे हिशेब काढून टाकून एकच मतपत्रिका आणि पसंतीक्रम ठेवायचा, एवढाच मूळ बदल. माझ्या वाचनाप्रमाणे घटना त्याच्या आड येत नाही. कलम 243आर प्रभागातून प्रत्यक्ष निवडणूक मागतं, आणि 243झेडए निवडणुकीच्या बाकी तरतुदी राज्य विधिमंडळावर सोपवतं. म्हणजे बदल राज्याच्या कायद्यात करायचा आहे.

खरी गाठ आरक्षणाची. अर्ध्या जागा महिलांच्या, शिवाय अनुसूचित जाती, जमाती आणि इतर मागासवर्गाच्या. आज अमुक जागा राखीव असं आधीच ठरतं. संक्रमणीय मतात ते मोजणीत बसवावं लागेल. रीत अशी असू शकते: चारपैकी दोन महिला हव्यात आणि उरलेल्या उमेदवारांत दोनच महिला शिल्लक असतील, तर त्यांना बाद करता येत नाही, त्यांच्या वरचा पुरुष उमेदवार बाद होतो. कधी जास्त मतांचा माणूस बाहेर जाईल, पण आज तो त्या जागेवर उभाच राहू शकत नाही. इथे निदान त्याच्या मतपत्रिका पुढे कोणाच्या तरी उपयोगी पडतात.

यंदा आमच्या उत्सव समितीत पाच जागा आहेत, त्यांपैकी दोन महिलांसाठी, आणि ही रीत आम्ही तिथेच आधी तपासणार आहोत. ज्या उमेदवाराला बाद करता येत नाही तिच्या खोक्याला लाल दोरा बांधायचा, म्हणजे रात्री उशिरा दमलेल्या मोजणाऱ्याचा हात चुकून त्या खोक्यावर जाणार नाही. सलीम पुन्हा उभा आहे, आणि काकूंनी मतपत्रिका मोठ्याने वाचायचं काम मागून घेतलंय.